मूठ, पिचकारी आणि फुगा : रंगपंचमीच्या रंगाचा इतिहास

रंगपंचमीच्या रंगाचा इतिहास सामान्यतः दोन टप्प्यांत सांगितला जातो : आधी फुलापानांचे निरुपद्रवी रंग होते आणि पुढे कारखान्यांतून घातक रंग आले. ही मांडणी सर्वस्वी चूक नसली तरी अपुरी आहे, कारण जुन्या काळी डोळ्यांना इजा करणारे पदार्थ रंगात मिसळले जात नव्हते असे म्हणता येत नाही आणि कारखान्यात तयार झालेला प्रत्येक रंग विषारी असतो असेही नाही. या मांडणीतून आणखी एक गोष्ट निसटते. सणासाठी कोणता रंग निवडायचा हे बऱ्याच अंशी तो कशातून उडवायचा यावर ठरत आले आहे. मुठीने उधळायची पूड, पिचकारीतून सोडायचे पाणी, हौदात कालवलेला रंग आणि फेकताच फुटणारा गोळा या प्रत्येकाची रंगाकडून वेगळी अपेक्षा असते. पाण्याच्या फुग्यात भरायला सुरक्षित रंग कोणता, हा आज घरोघरी विचारला जाणारा प्रश्न याच दीर्घ इतिहासाचा अलीकडचा भाग आहे.

महाराष्ट्रात फाल्गुन पौर्णिमेला होळी पेटते, दुसऱ्या दिवशी, म्हणजे वद्य प्रतिपदेला, धुलिवंदन होते आणि रंगाचा खरा दिवस वद्य पंचमीचा मानला जातो. धुलिवंदनाचे द्रव्य म्हणजे होळीची राख, धूळ आणि चिखल. रंगपंचमीचे द्रव्य म्हणजे रंगीत पाणी. मुंबईसारख्या शहरांत हे दोन्ही दिवस आता एकमेकांत मिसळले असून रंग बहुधा धुळवडीलाच खेळला जातो. चिखलाचा खेळ फार जुना आहे. सातवाहन राजा हाल याच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या गाथासप्तशती या महाराष्ट्री प्राकृतातील संग्रहात फाल्गुनोत्सवात अंगाला चिखल फासल्याचा उल्लेख येतो. म्हणजे या प्रदेशातील वसंतोत्सवाच्या जुन्या ज्ञात साधनांत मातीचाही समावेश होतो.

रंगाची पूड आणि रंगीत पाणी यांचे स्पष्ट चित्र सातव्या शतकातील सम्राट हर्षाच्या रत्नावली या नाटिकेच्या पहिल्या अंकात सापडते. कौशांबी नगरीतील मदनोत्सवाच्या वर्णनात पिष्टातक नावाच्या सुगंधी पुडीचे लोट उठतात आणि शृंगकातून, म्हणजे शिंगाच्या आकाराच्या नळीतून, पाण्याचे फवारे सुटतात. वात्स्यायनाच्या कामसूत्रात ऋतुपरत्वे खेळल्या जाणाऱ्या क्रीडांच्या यादीत उदकक्ष्वेडिका ही क्रीडा येते आणि जयमंगला या टीकेचा कर्ता यशोधर तिचा संबंध पाण्याने भरलेल्या बांबूच्या नळीशी जोडतो. पिचकारीचे हे पूर्वरूप आणि मुठीने उधळायची पूड या दोन साधनांनी पुढील अनेक शतके रंगाची जात ठरवली : मुठीसाठी हलकी, कोरडी आणि हवेत पसरणारी पूड, तर नळीसाठी पाण्यात पूर्ण उतरणारा, गाळ न राहणारा अर्क.

पाण्यात उतरणाऱ्या रंगांत दख्खन आणि मध्य हिंदुस्थानात पहिला मान पळसाचा होता. पळस माघ-फाल्गुनात पानझड झाल्यावर फुलतो, त्यामुळे सण आणि रंगद्रव्य एकाच वेळी हाताशी येत. सुकवलेली फुले रात्रभर भिजत घातली किंवा उकळली की पिवळा अर्क मिळतो आणि त्यात चिमूटभर चुना टाकला की तो नारिंगी होतो, कारण फुलांतील रंगद्रव्याचे रूप अल्कलीच्या, म्हणजे क्षारधर्मी पदार्थाच्या, सान्निध्यात बदलते. दुसरा रंग कुसुंब्याचा, म्हणजे करडईचा. करडईच्या पाकळ्यांत दोन रंगद्रव्ये असतात. त्यांतील पिवळे पाण्यात सहज विरघळते आणि लाल विरघळत नाही. म्हणून रंगारी आधी पाकळ्या धुऊन पिवळा रंग काढून टाकत, मग क्षाराने लाल रंग सोडवत आणि शेवटी लिंबासारख्या आंबट पदार्थाने तो कापडावर बसवत. हे काम कष्टाचे असल्यामुळे कुसुंबी रंग पाण्यात मिसळून उधळण्यापेक्षा वस्त्रावर चढवण्यासाठी अधिक मोलाचा मानला गेला. हळद चुन्याने लाल होते हे तर कुंकू करणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होते. कोरड्या गुलालासाठी शिंगाड्याच्या किंवा तशाच पिठाला पतंग अथवा रक्तचंदन या झाडांच्या लाल लाकडाचा रंग दिला जाई. या सर्व पदार्थांत एक समान सूत्र दिसते. ते स्वयंपाकात, औषधात, पूजेत किंवा नेसत्या वस्त्रात आधीपासून वापरात होते आणि शरीराशी त्यांचा संबंध पिढ्यान्‌पिढ्या पारखला गेला होता. सुरक्षिततेची वेगळी कसोटी लावण्याची गरज समाजाला भासली नाही, याचे मुख्य कारण हेच होते.

या रंगांचा दुसरा गुणधर्म म्हणजे त्यांचा फिकेपणा. ओंजळभर फुलांतून मोजकेच पाणी गडद होते आणि चारचौघांना न्हाऊ घालण्याइतका रंग करायचा तर हंडेच्या हंडे उकळावे लागतात. म्हणून पळसाचा रंग हा मोठ्या पात्राचा आणि सामूहिक खेळाचा रंग होता. पेशवाईतील पुण्याचे रंगोत्सव या प्रकारचे होते. महादजी शिंदे १७९२ मध्ये पुण्यास आले आणि फेब्रुवारी १७९४ मध्ये वानवडीस त्यांचे निधन झाले. या मधल्या काळात सवाई माधवरावांच्या सोबत झालेला रंगाचा सोहळा शाहीर प्रभाकराच्या रचनेचा विषय झाला. नाशिकमध्ये पेशवेकालीन मानल्या जाणाऱ्या रहाडी, म्हणजे जमिनीखालचे दगडी हौद, रंगपंचमीला उघडल्या जातात. एरवी त्या फळ्या आणि माती घालून बुजवलेल्या असतात. शनी चौक, तिवंधा, दिल्ली दरवाजा अशा ठिकाणच्या रहाडींचे रंग परंपरेने ठरलेले असून त्यांत उडी मारण्याला नाशिककर धप्पा म्हणतात. होळकरांच्या इंदूरमध्ये रंगपंचमीची मिरवणूक गेर या नावाने आजही निघते. या सर्व ठिकाणी रंग एका जागी, पुष्कळ पाण्यात आणि अनेकांच्या देखत तयार होतो, त्यामुळे त्यात काय घातले आहे हे खेळणाऱ्याला आधीच माहीत असते.

फेकताच फुटणाऱ्या गोळ्याचा मराठी दरबाराशी जोडलेला एक महत्त्वाचा पुरावा १८०९ सालचा आहे. थॉमस ड्यूअर ब्रॉटन हा इंग्रज अधिकारी त्या वर्षी दौलतराव शिंदे यांच्या फिरत्या छावणीत होता आणि तेथून लिहिलेली त्याची पत्रे १८१३ मध्ये पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. छावणीतील होळीचे वर्णन करताना तो शिंगाड्याच्या पिठाला रक्तचंदनाचा रंग देऊन केलेल्या अबिराचा आणि पळसाच्या फुलांनी नारिंगी केलेल्या पाण्याचा उल्लेख करतो. दरबारात प्रत्येकापुढे चांदीची पिचकारी ठेवली जाई आणि महाराजांच्या हाती आग विझवण्याच्या बंबाची नळी असे, जिच्यातून पिवळ्या पाण्याचा झोत सुटे. याखेरीज अंड्याएवढे, चिकट द्रव्याच्या पातळ कवचाचे गोळे अबीर भरून तयार केले जात. त्यांनी नेम धरून मारता येई, परंतु जरा दाब पडताच ते फुटत असल्याने हलक्या हाताने धरावे लागत. जयपूरमध्ये मणिहार कारागीर आजही लाख तापवून, फुंकून असाच गुलाल गोटा घडवतात. दुरून, एकाच व्यक्तीवर, नेम धरून रंग टाकण्याची कल्पना रबरी फुग्याने आणलेली नाही. फुग्याने त्या कल्पनेत पाणी भरले.

ब्रॉटनच्याच वर्णनात जुन्या रंगांविषयीच्या गोड समजुतीला छेद देणारी एक नोंद आहे. अबीर चमकावा म्हणून त्यात खनिजाची चकाकणारी पूड मिसळली जाई आणि ती डोळ्यांत गेल्यास बराच त्रास होई. अबीर तोंडावर, नाकाडोळ्यांत टाकणे हाच खेळाचा मुख्य भाग होता, असेही तो सांगतो. म्हणजे रासायनिक रंग येण्यापूर्वीच रंगाच्या पुडीतील कठीण, धारदार कणांचा प्रश्न अस्तित्वात होता आणि अभ्रकाची भेसळ आजच्या गुलालातही तोच प्रश्न निर्माण करते. त्याशिवाय भारतीयांना परिचित असलेल्या खनिज रंगांत शेंदूर हे शिशाचे, हिंगूळ हे पाऱ्याचे आणि हरताळ हे आर्सेनिकचे संयुग आहे. हे तिन्ही पदार्थ निसर्गातील किंवा परंपरेतील असले तरी विषारी आहेत. देवमूर्तीवर, चित्रात किंवा हस्तलिखितावर त्यांचा उपयोग होत असे आणि या मर्यादेमुळेच त्यांचा धोका बऱ्याच अंशी मर्यादित राहिला. रंगाचे मूळ नैसर्गिक आहे की कृत्रिम आहे, यापेक्षा तो कोणत्या कामासाठी वापरला जातो हे अधिक निर्णायक असल्याचे यावरून दिसते.

कृत्रिम रंगांचे युग १८५६ मध्ये लंडनमध्ये सुरू झाले. विल्यम हेन्री पर्किन या अठरा वर्षांच्या विद्यार्थ्याला कोळशाच्या डांबरापासून मिळणाऱ्या द्रव्यांवर प्रयोग करताना जांभळा रंग सापडला आणि त्यानंतरच्या सुमारे तीन दशकांत मॅजेन्टा, मिथाइल व्हायोलेट, मॅलाकाइट ग्रीन, ऑरामाइन आणि ऱ्होडामाइन बी हे भडक रंग एकामागून एक बाजारात आले. रसायनशास्त्रात यांतील बहुतेक रंग बेसिक रंग या वर्गात मोडतात. त्यांच्या रेणूंवर धन विद्युत्‌भार असतो, तर केस आणि त्वचेचा बाह्य थर यांच्या पृष्ठभागावर सामान्यतः ऋणभार असतो, त्यामुळे ते शरीराला घट्ट चिकटतात. रंगपंचमीनंतर कितीही घासले तरी दिवसेंदिवस न जाणारा गुलाबी किंवा हिरवा डाग हा या आकर्षणाचा परिणाम असतो. हे रंग कागद, ताग, रेशीम आणि सूत यांच्यासाठी बनवले गेले होते. माणसाचे अंग त्यांच्या निर्मात्यांच्या डोळ्यांपुढे नव्हते.

मुंबई हे कापडगिरण्यांचे शहर असल्यामुळे परदेशी, विशेषतः जर्मन, रंगांना येथे मोठी बाजारपेठ मिळाली. १९१४ मध्ये पहिले महायुद्ध सुरू झाल्यावर जर्मन रंगांची आवक खुंटली आणि आयातीवरील अवलंबित्व किती खोल गेले आहे हे स्पष्ट झाले. १९३३ मध्ये मुंबई विद्यापीठाचा रासायनिक तंत्रज्ञान विभाग स्थापन झाला. तेथे रंगरसायनाचे अध्यापन आणि संशोधन उभे करणारे के. वेंकटरामन यांचा कृत्रिम रंगांवरील ग्रंथ १९५२ पासून खंडशः प्रसिद्ध होऊन जगभर प्रमाण मानला गेला आणि पुढे ते पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेचे संचालक झाले. स्वातंत्र्यानंतर ठाणे-कल्याणच्या पट्ट्यात आणि गुजरातेत रंगांचे कारखाने वाढले. गिरणीसाठी तयार झालेला माल किरकोळ बाजारात पुड्यांमधून मिळू लागला आणि तेथून तो सणात शिरला. त्याला रोखणारी कोणतीही व्यवस्था नव्हती, कारण कायद्याच्या दृष्टीने तो अन्न, औषध किंवा सौंदर्यप्रसाधन यांपैकी काहीच नव्हता.

तथापि या रंगांना घरोघरी स्थान मिळण्याचे कारण केवळ स्वस्ताई नव्हते. ऱ्होडामाइन बीसारख्या रंगाचा एका ग्रॅमचा हजारावा भाग लिटरभर पाण्यात टाकला तरी पाणी गुलाबी दिसते. पळसाचा काढा दोनचार दिवसांत आंबू लागतो, तर रंगाची पुडी वर्षानुवर्षे टिकते. चूल, हंडा आणि रात्रभराची तयारी यांच्या जागी नळाचे पाणी आणि चिमूट पुरेशी झाली. वाड्याचे अंगण आणि सामायिक पिंप मागे पडून खेळ इमारतींच्या जिन्यांत आणि गच्चीवर आला, तेव्हा थोड्या पाण्यात गडद रंग देणारे द्रव्य ही नव्या जागेची गरज बनली. ती गरज फुग्याने टोकाला नेली.

रबरी फुग्याचा उगम प्रयोगशाळेत आहे. १८२४ मध्ये मायकेल फॅरेडे यांनी लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये वायूंवरील प्रयोगांसाठी रबराच्या दोन पातळ तुकड्यांच्या कडा दाबून फुगे केले. रबराच्या झाडाच्या चिकात साचे बुडवून एकसंध, पातळ फुगे मोठ्या प्रमाणावर काढण्याची पद्धत १९३० च्या दशकात रुळली. त्यानंतर फुगा इतका स्वस्त झाला की तो एकदाच वापरून फेकून देता येऊ लागला आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात भारतीय शहरांतील रंगाच्या खेळात त्याने पक्की जागा मिळवली. या साधनाने रंगावर तीन अटी लादल्या. पहिली अट अशी की रंग पाण्यात पूर्ण विरघळला पाहिजे, कारण न विरघळणारी पूड तळाशी बसते, फुग्याच्या तोंडाशी अडकते आणि फुटल्यावर पाणी एकीकडे व गाळ दुसरीकडे पडतो. दुसरी अट अशी की फुग्यात पाणी थोडे मावत असल्याने आणि त्यातील बरेचसे उडून जात असल्याने डाग दिसण्यासाठी रंग गडद हवा. तिसरी अट रबराची आहे : तेल, टर्पेंटाइन किंवा रॉकेल यांच्या संपर्कात नैसर्गिक रबर फुगते आणि दुबळे होते, त्यामुळे ऑइलपेंट फुग्यात टिकत नाही. विरघळणारा आणि अत्यंत गडद या दोन अटी कापडाच्या बेसिक रंगांनी सहज पूर्ण केल्या. ऑइलपेंट, वॉर्निश आणि चंदेरी रंग फुग्यात न शिरता हातांनी तोंडाला फासण्याच्या प्रकारात राहिले. ते काढण्यासाठी रॉकेल वापरले जाई आणि त्याने त्वचेची हानी आणखी वाढे.

आरोग्यावरील परिणामांची वैद्यकीय नोंद एकविसाव्या शतकात अधिक व्यवस्थित होऊ लागली. दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेतील संशोधकांनी २००७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात होळीच्या रंगांमुळे डोळ्यांना होणाऱ्या इजेची चर्चा करताना मॅलाकाइट ग्रीनच्या विषारीपणाकडे लक्ष वेधले. मार्च २०१२ मध्ये मुंबईतील धारावी परिसरात रंग खेळल्यानंतर दीडशेहून अधिक जणांना, ज्यांत बहुतांश मुले होती, रुग्णालयात न्यावे लागले आणि एका मुलाचा मृत्यू झाला. औद्योगिक वापराचा रंग मुलांच्या हाती किती सहज पडू शकतो, हा प्रश्न या घटनेने शहरापुढे उभा केला. याच काळात वृत्तपत्रांतून एक यादी वारंवार छापली जाऊ लागली, जिच्यात काळ्या रंगात शिशाचे ऑक्साइड, लाल रंगात पाऱ्याचे संयुग आणि चंदेरी रंगात ॲल्युमिनियम ब्रोमाइड असते असे सांगितले जाते. ही यादी तपासून घेण्यासारखी आहे. ॲल्युमिनियम ब्रोमाइड पाण्याशी जोरदार अभिक्रिया करते, त्यामुळे ते रंग म्हणून डबीत राहणे संभवत नाही. चंदेरी चमक धातूच्या बारीक पापुद्र्यांची असते. जड धातूंचा धोका भेसळीच्या पुडीत खरा असू शकतो, पण फुग्यातील पाण्यात मुख्य धोका विरघळलेल्या कापडी रंगाचा असतो. भीतीची यादी चुकीच्या डबीकडे बोट दाखवू लागली की खरी डबी नजरेआड होते.

कायद्याने या क्षेत्रात बाजूच्या दारांनी प्रवेश केला. शरीरात कर्करोगकारक द्रव्ये तयार होण्याशी संबंध जोडला गेल्यामुळे बेंझिडीनवर आधारित व इतर काही ॲझो रंगांच्या हाताळणीवर केंद्र शासनाने १९९० च्या दशकात बंदी घातली, परंतु तिचा रोख मुख्यतः उद्योगावर होता. खाद्यरंगांची स्थिती वेगळी होती. अन्नभेसळ प्रतिबंधक कायदा १९५४ मध्ये झाला आणि त्याखालील नियमांनी कोणते कृत्रिम रंग अन्नात चालतील हे ठरवून दिले. आजच्या अन्नसुरक्षा व्यवस्थेत टार्ट्राझिन, सनसेट यलो, पाँसो ४आर, कार्मोइसिन, एरिथ्रोसिन, इंडिगो कार्माइन, ब्रिलियंट ब्लू आणि फास्ट ग्रीन हे आठ रंग परवानगीच्या यादीत आहेत आणि ऱ्होडामाइन बी व मॅलाकाइट ग्रीन त्या यादीत नाहीत. रंग उडवण्याच्या पद्धतीवर मात्र पोलिसांचे लक्ष गेले. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ याच्या आधारे मुंबईत सणापूर्वी अनोळखी व्यक्तींवर रंगीत पाणी व फुगे फेकण्यास मनाई करणारे आदेश निघतात. लोकल गाड्यांवर पाण्याच्या पिशव्या फेकल्याने प्रवासी जखमी होण्याच्या घटना हे या दक्षतेमागचे एक मोठे कारण आहे. २३ मार्च २०१८ च्या राज्य अधिसूचनेने प्लास्टिक पिशव्यांवर बंदी आली, त्यामागे पर्यावरणाचा विचार होता, तरी तिने याही साधनाला हात घातला.

या पार्श्वभूमीवर फुग्यासाठी रंग निवडण्याची कसोटी मांडता येते. परवानगीप्राप्त खाद्यरंगांचे रेणू बेसिक रंगांच्या उलट ऋणभारित आणि पाण्यात अतिशय विद्राव्य असतात, त्यामुळे सौम्य प्रमाणात वापरल्यास ते साबणपाण्याने लवकर निघतात. वेष्टनावर खाद्यरंग म्हणून अन्नसुरक्षा परवान्याचा क्रमांक आणि घटकाचे नाव असणे ही त्यांची ओळख आहे. सुट्या पुडीला ही ओळख नसते. पळसाचा किंवा बिटाचा अर्क आटवून, फडक्यातून दोनदा गाळून भरता येतो, मात्र तो त्याच दिवशी वापरावा लागतो आणि त्याचा डाग फिकाच राहतो. हळदीची पूड पाण्यात विरघळत नसल्याने फुग्याला उपयोगी नाही. ऑइलपेंट, भिंतीचा रंग, स्टॅम्पची किंवा छपाईची शाई आणि कापड रंगवण्याची पुडी यांपैकी काहीही पाण्यात मिसळते म्हणून अंगासाठी योग्य ठरत नाही. त्वचेवर थोड्या जागी लावून पाहणे ही जुनी सावधगिरी येथेही उपयोगी आहे, कारण खाद्यरंगाचीही एखाद्याला ॲलर्जी असू शकते.

रंग निर्दोष असला तरी फुगा निर्दोष होत नाही. आठ सेंटिमीटर व्यासाच्या फुग्यात सुमारे २७० मिलिलिटर, म्हणजे पाव किलोहून थोडे अधिक पाणी मावते. नऊ मीटर उंचीच्या गच्चीवरून तो नुसता सोडला आणि हवेचा विरोध हिशेबात धरला नाही, तर जमिनीजवळ त्याचा वेग ताशी ४८ किलोमीटरच्या आसपास पोहोचतो. असा आघात डोळ्यावर झाल्यास भिंग सरकणे किंवा दृष्टिपटलाला इजा होणे यांसारखे परिणाम संभवतात आणि त्यात रंगाच्या रसायनाचा काही संबंध नसतो. १८०९ च्या छावणीतील पातळ कवचाचा गोळा बोटांच्या दाबानेच फुटे आणि आत कोरडे पीठ असे. रबरी फुगा ताणला जातो, वजनदार असतो आणि पुष्कळदा न फुटताच अंगावर आदळतो.

सुरक्षित रंगाचा शोध बहुधा पुडीवरील मजकुरापासून सुरू होतो, पण इतिहास त्याची दिशा उलटी असल्याचे सुचवतो. पळस, शिंगाड्याचे पीठ आणि पतंगाचे लाकूड ही द्रव्ये निरुपद्रवी ठरली ती हंडा, पिचकारी आणि मूठ या साधनांना फिका किंवा कोरडा रंग पुरत होता म्हणून. दुरून आणि थोड्या पाण्यात ठळक डाग हवा अशी मागणी आली, तेव्हा त्या मागणीने कापडाचा रंग ओढून आणला. ज्या घरात खेळ बादली आणि पिचकारीवर थांबतो तेथे गडदपणाची गरजच उरत नाही आणि तेथे खाद्यरंग किंवा पळसाचा काढा पुरेसा होतो. म्हणून फुग्यात कोणता रंग भरावा या प्रश्नाचे उत्तर खाद्यरंगाच्या बाटलीशी संपत असले, तरी त्याआधी फुगा हवाच का, या प्रश्नाचा निर्णय घेणारा खेळाडू अधिक मोठा धोका टाळतो.